टेबलाखालचा शॉट

"काका, ते कापड जरा वर करता का?" ताई गुडघ्यांवर बसत म्हणाली. कॅमेरा तिच्या हातात होता आणि चालू होता.

"कापड राहू द्या बाई," काका म्हणाले. "खाली नुसता पसारा आहे."

"असू दे की. आम्हाला पसाऱ्याची सवय आहे."

"तसं नाही, ते खिळे मारून बसवलंय. काढायला गेलं की फाटेल."

ताईने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. ही नजर मला पाठ आहे. लहानपणी बिस्किटांचा डबा हलका झाला की ती माझ्याकडे अशीच बघायची. आता ती पन्नाशी ओलांडून गेली, मीही फार मागे नाही, पण नजर तीच आणि अर्थही तोच. सापडला.

ताई फिल्मवाली आहे. म्हणजे पडद्यावर नट-नट्या नाचवणारी नव्हे. घराच्या कोपऱ्यात, शेडमध्ये, जिन्याखाली बसून काहीबाही बनवत असतात ना माणसं, जुन्या पंख्याचं ड्रिल करणारी, भंगारातून दुर्बीण उभी करणारी, त्यांच्याकडे जाऊन ती छोट्या फिल्म करते आणि स्वतःच्या चॅनलवर टाकते. कॅमेरा तिचा, संकलन तिचं, मागून बोलणारा आवाज तिचा. ध्वनिमुद्रण तेवढं माझ्याकडे, कारण तिच्याबरोबर दुसरा कोणी टिकला नाही. मी धाकटा भाऊ, पळून जाणार कुठे?

सुरुवातीला ती भोळी होती. यावर आज कोणाचा विश्वास बसत नाही, पण मी साक्षीदार आहे. चुंबकांवर आपोआप फिरणारी मोटर बनवलेला एक गृहस्थ तिला भेटला. तिने भारावून जाऊन फिल्म केली. आमच्या चॅनलने तोवर कधी पाहिले नव्हते एवढे प्रेक्षक आले, आणि आठवडाभरात कॉलेजातल्या काही पोरांनी दाखवून दिलं की टेबलाच्या पोकळ पायातून वायर खाली गेली आहे आणि खाली बॅटरी बसली आहे. लोकांनी त्या गृहस्थाला सोडून दिलं. हसले ते ताईला. ती कितीतरी दिवस घराबाहेर पडली नाही, आणि पडली ती संशय घेऊनच.

तेव्हापासून टेबलाखालचा शॉट. यंत्र सुरू झालं की कॅमेरा टेबलाभोवती फिरतो, खाली वाकतो, टेबलाखालून जातो, पलीकडून वर येतो, आणि यंत्र अजून चालूच असतं. मध्ये कुठेही काटछाट नाही. वर्षानुवर्षं एकही फिल्म या शॉटशिवाय गेलेली नाही. प्रेक्षकांना यंत्रापेक्षा त्याचंच वेड. कॅमेरा वाकायला लागला की खाली भराभर लिहितात, 'चला खाली, चला खाली.' एका तंत्रशाळेत तर दरवर्षी मुलांना बनवाबनवी कशी ओळखावी हे शिकवायला ताईला बोलावतात. घरीही तिचं तेच. हॉटेलात बसली तरी आधी टेबलाखाली डोकावते. भाऊजी भूगोलाचे मास्तर, गरीब माणूस. ते म्हणतात, "माझं नशीब, आमचं लग्न त्या मोटरच्या आधी झालं. नंतर असतं तर हिने मलाही उलटा करून पाहिला असता."

तर, काका. शिलाई मशीन दुरुस्त करणारे. गल्लीच्या टोकाला एका खोलीचं दुकान, भिंतीला लोखंडी फळ्या, फळ्यांवर मशीनची डोकी ओळीने मांडलेली, तेलाचा वास, आणि मधोमध ते मोठं टेबल, चारी बाजूंनी जमिनीपर्यंत कापड लावलेलं. टेबलावर त्यांनी बनवलेलं पान उलटणारं यंत्र. ज्याचे हात चालत नाहीत त्याने पुस्तकासमोर बसून एका नळीत हलकी फुंकर मारायची. फुंकर लागली की रबराचं चाक पानावर टेकतं, पान किंचित फुगवतं, खालून पत्र्याची पातळ पट्टी सरकते आणि पान पलीकडे निजवते. वीज नाही, बॅटरी नाही. घड्याळासारखी चावी द्यायची.

"बायकोची बोटं आखडली होती," काकांनी कॅमेऱ्यासमोर सांगितलं. "वाचायचं वेड तिला. मी पानं उलटायला बसायचो. मला वाटायचं ती भरभर वाचतेय माझ्यासाठी, तिला वाटायचं मी कंटाळलोय. शेवटी मी हे केलं आणि दोघंही सुटलो. जाईपर्यंत यावरच वाचत होती."

माझे तर डोळे भरून आले. ताईने थांबून विचारलं, "दर वेळी एकच पान कसं उलटतं? माझ्या बोटांना तर दोन-दोन येतात."

"चाकाचा दाब," काका म्हणाले. "शिलाई मशीनमध्ये कापड पुढे सरकतं ना, तेच."

उत्तर चोख होतं. ताईला चोख उत्तरं आवडत नाहीत.

तिच्या मनात पाल आधीच चुकचुकली होती. या यंत्राबद्दल आम्हाला काकांच्या मुलीने कळवलं होतं, अगदी कौतुकाने. पण काकांनी मात्र दोनदा फोन करून विचारलं की तुम्ही नक्की किती वाजता येणार, आणि वर बजावलं की त्याआधी येऊ नका. "आवरायला वेळ लागतो म्हणे," ताई गाडीत म्हणाली होती. "काय आवरायचं असतं रे एवढं?" दुकानात साबणाचा वास होता, खिळ्याला ओला टॉवेल होता. मी टेबलाच्या पायाशी माइक लावायला गेलो तर काका लगबगीने मध्ये येऊन उभे राहिले आणि मला खुर्ची दिली. मला खुर्ची नको होती.

मग मुलीचा फोन आला. काकांना कमी ऐकू येतं, त्यामुळे फोन मोठ्याने लावलेला.

"बाबा, आली का फिल्मवाली माणसं? दादाकडून जेवून निघालात ना?"

"हो हो, जेवूनच आलो. सूनबाईने सोडलं नाही."

"बरं. तिथेच रमलात तुम्ही." हे जरा तिखट होतं. फोन बंद झाला.

ताई मला दाराबाहेर घेऊन गेली. "खोटं बोलला," ती कुजबुजली. "आपण आलो तेव्हा हा कोपऱ्यातल्या बाकावर बसून ब्रेड खात होता. मुलीशी इतक्या सहज खोटं बोलतो तो आपल्याशी काय बोलत असेल?"

"अगं, म्हातारा माणूस आहे. मुलीला काळजी नको म्हणून बोलला असेल."

"म्हातारी माणसं जास्त सराईत असतात."

मी तिला गप्प करू शकलो असतो. पण मीच आगीत तेल ओतलं. मघाशी हेडफोन कानाला होते तेव्हा मी एक गोष्ट ऐकली होती, आणि ती सांगितल्याशिवाय मला राहवेना. यंत्र चालताना त्याची टिकटिक येते हे ठीक आहे. पण यंत्र थांबल्यावरही एक बारीक टिकटिक चालू होती, दबलेली, कापसात गुंडाळल्यासारखी. टेबलाखालून.

ताईचा चेहरा उजळला. खरं सांगतो, मला तो चेहरा आवडला नाही.

आत येऊन ती गोड आवाजात म्हणाली, "काका, हे पुस्तक तुमचं स्वतःचं. लोक म्हणतील पानांना काहीतरी लावलंय. एखादं दुसरं मिळेल का?"

"का नाही? पलीकडे वाचनालय आहे. तुम्हाला हवं ते आणतो." काका खूश झाले. चपला घालून निघाले सुद्धा. यंत्राला कुठल्याही पुस्तकाची भीती नव्हती, हे त्या लगबगीवरून तरी आम्हाला कळायला हवं होतं.

ते वळणाआड गेले तशी ताईने त्यांचाच स्क्रूड्रायव्हर घेऊन कापडाचे दोन खिळे उचकटले. कॅमेरा चालू ठेवला, कारण तिचा नियमच तो. कापड उचललं आणि ती आत वाकली.

आत वळकटी होती. पातळ सतरंजी, त्यावर चादर, नीट गुंडाळून सुतळीने बांधलेली. शेजारी उपडं घातलेलं ताट, त्यावर उपडी वाटी. एक छोटा स्टोव्ह. दाढीचं सामान एका डब्यात. कपड्यांची पिशवी, वरचा सदरा घडी केलेला. आणि वळकटीच्या आत खोचलेलं गजराचं घड्याळ, टिकटिक करत.

ताई तशीच वाकलेली राहिली. कॅमेरा टिपत होता. मला कापड सोड म्हणायला सुचलं नाही आणि तिला सोडायला, त्यामुळे काका पुस्तक घेऊन दारात आले तेव्हा आम्ही तसेच होतो.

"कॅमेरा चालू आहे का?" त्यांनी विचारलं.

"हो," ताई म्हणाली.

"बंद करा."

तिने बंद केला. काकांनी पुस्तक टेबलावर ठेवलं, स्टुलावर बसले आणि गुडघे चोळत राहिले. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"घर विकलं तेव्हा मुलाचं आणि मुलीचं बिनसलं," ते म्हणाले. "एकमेकांशी बोलत नाहीत. आधी मुलाकडे होतो. मग मुलगी म्हणाली, तुम्हाला दादाच प्यारा. मग तिच्याकडे गेलो. तर मुलगा म्हणाला, गेलात ना शेवटी तिकडे. एक दिवस इथे झोपलो. मुलीला सांगितलं मुलाकडे आहे, मुलाला सांगितलं मुलीकडे आहे. दोघं जरा फुरंगटले, पण निवांत झाले."

"कधीची गोष्ट?" मी विचारलं.

"बायको गेल्यावर दुसऱ्या वर्षापासून." ते जरासे हसले. "मला वाटलं होतं चार दिवसांत उघडं पडेल. दोघांपैकी एकजण तरी म्हणेल, आता पुरे, इकडे या. पण कोणी म्हणालंच नाही बाई. म्हणून टिकलं."

ताई लाल झाली होती. तिने माफी मागितली. माफी मागायची तिला सवय नाही, त्यामुळे शब्द मागेपुढे झाले.

"राहू द्या," काका म्हणाले. "यंत्र चांगलं आहे ना? ते दाखवा. खालचं दाखवू नका."

"टेबलाखालचा शॉट नसेल तर लोक यंत्राला खोटं म्हणतील, काका. माझ्या प्रेक्षकांना मी ओळखते."

"मग सामान बाहेर काढू आणि रिकामं दाखवू."

"मी आजवर काही काढून ठेवून शॉट घेतलेला नाही."

"तुम्हाला काय दाखवायचंय, खाली मोटर नाही हेच ना? मोटर नाहीच आहे." काका थांबले. "माझ्या बायकोचं यंत्र आहे ते. त्याला कोणी खोटं म्हणायला नको."

ताईने कॅमेरा बाजूला ठेवला. वळकटी, ताट, स्टोव्ह, पिशवी, सगळं आम्ही मशीन झाकायच्या आवरणात गुंडाळलं. समोरच्या दुकानदाराला दिसू नये म्हणून काका दारात उभे राहून त्याच्याशी काहीतरी बोलत राहिले आणि मी ते गाडीत नेलं. आत शॉट चालू असताना मी मागच्या सीटवर त्यांचा संसार धरून बसलो होतो. वजन काहीच नव्हतं. हेडफोन नव्हते तरी घड्याळ स्पष्ट ऐकू येत होतं.

फिल्म सुंदर झाली. वाचनालयातलं पुस्तक, एकेक पान, काकांचं बोलणं, मग कॅमेरा खाली गेला, टेबलाखालून फिरला, रिकाम्या फरशीवरून वर आला, आणि पान उलटलं. लोकांनी डोक्यावर घेतली. मुलीने सगळ्यांच्या आधी खाली लिहिलं, 'हे माझे बाबा.' मुलानेही लिहिलं, तिच्यापासून लांब, तेच शब्द.

दोन दिवस सुखाचे गेले. मग कोणीतरी चित्र थांबवून टेबलाखालच्या फरशीभोवती लाल चौकट काढली आणि खाली लिहिलं, 'इथे काय होतं?'

दुकानभर धुरळा होता, दोऱ्यांचे तुकडे, तेलकट डाग. आणि टेबलाखाली मध्येच एक लांबट चौकोन, माणूस आडवा होईल एवढा, पुसल्यासारखा स्वच्छ. मी आवाजाचा माणूस, माझ्या लक्षात येणं शक्य नव्हतं. पण ताईने दिवसभर संकलन करताना तो पाहिला नसेल? विचारलं तर म्हणाली, "पाहिला नाही रे. आयुष्यात पहिल्यांदाच मला काही पाहायचं नव्हतं."

लोक तुटून पडले. तिनेच शिकवलेले लोक. 'मोटर काढून ठेवली.' 'सहा फुटांची मोटर आहे का?' 'ताई, चला खाली!' ज्यांना वर्षानुवर्षं संशय घ्यायचे धडे दिले, त्यांनी उत्तम गुण मिळवले होते. आणि नेम तिच्याइतकाच काकांवर होता, म्हातारा लबाड आहे म्हणून. ताईने ते अर्धा दिवस वाचलं. मग फिल्मखाली स्वतःच्या नावाने लिहिलं, 'टेबलाखाली आमच्या लाइटांचं सामान ठेवलं होतं. शॉटच्या आधी मी ते काढलं आणि तुम्हाला सांगितलं नाही. चूक माझी आहे. यंत्र खरं आहे.'

यंत्र सुटलं. ताई सुटली नाही. 'म्हणजे आधीच्या फिल्ममध्येही काढत असणार,' असं एकाने लिहिलं आणि मग सगळ्यांनी. माणसं चॅनल सोडून जायला लागली. तंत्रशाळेने कळवलं की यंदा दुसऱ्या कोणाला बोलावतो आहोत. भाऊजी जेवताना म्हणाले, "लाइटांचं सामान तू कधी टेबलाखाली ठेवत नाहीस. खरं काय ते मला तरी सांग."

"लाइटांचं सामान होतं," ताई म्हणाली.

भाऊजींनी माझ्याकडे पाहिलं. मी भाजीकडे पाहिलं.

मग मुलीचा फोन आला. आम्ही संकलनाच्या खोलीत होतो, ताईने फोन टेबलावर मोठ्याने लावला. पलीकडे आधी एक दार बंद झाल्याचा आवाज आला. मी असल्या गोष्टी ऐकतो, सवयच आहे. दार लावून घेऊन मगच ती बोलली.

"लोक काहीबाही लिहितायत. ती लाल चौकट मी पण पाहिली. तिथे काय होतं हो?"

"मी लिहिलंय ना, आमचं सामान."

"हो, वाचलं मी." ती थांबली. "बाबांची पाठ फार दुखते. त्यांना कडक गादी लागते, जमिनीवर झोपले की दुसऱ्या दिवशी उठवत नाही. दादाला हे माहीत आहे की नाही कोण जाणे." पुन्हा थांबली. "तुमचंच होतं ना सामान? नक्की?"

ताईने डोळे मिटले होते. हिच्यासमोर भलेभले लबाड घाम पुसत बसले आहेत, आणि ती हळू आवाजात म्हणाली, "नक्की. आमचंच होतं."

"मग बरं," मुलगी म्हणाली, जरा जास्तच लवकर. "मग काहीच प्रश्न नाही. आणि मी विचारलं ते बाबांना सांगू नका."

फोन बंद झाल्यावर ताईने तो टेबलावर पालथा घातला. "तिला खरं नको होतं रे," ती म्हणाली. "तिला माझ्याकडून खोटं हवं होतं. मी दिलं." मला तिची दया आली, आणि त्या मुलीचा राग. मग मुलीचीही दया आली आणि राग कोणावर काढावा ते कळेना.

पुढच्या आठवड्यात काकांचा फोन. "गाडी घेऊन याल का? एक वस्तू न्यायची आहे."

दुकानात भिंतीला टेकून एक नवी कोरी गादी उभी होती, प्लॅस्टिक तसंच. खोलीत पाय ठेवायला जागा उरली नव्हती.

"काल टेम्पोतून आली," काका म्हणाले. "कोणी पाठवली विचारलं तर टेम्पोवाली पोरं म्हणाली माहीत नाही." त्यांनी प्लॅस्टिकवरून अंगठा दाबून पाहिला. "कडक आहे. मुलाला माझ्या चष्म्याचा नंबर माहीत नाही, पाठीचं तर लांबच राहिलं." मग त्यांनी ताईकडे पाहिलं, अगदी ताई लोकांकडे बघते तसं. "तुम्ही सांगितलंत तिला?"

"नाही, काका."

ते बघत राहिले. "नाही म्हणताय तर नसेलच," ते म्हणाले.

इतक्या सहज तिच्यावर विश्वास ठेवलेला मी अलीकडे कोणाला पाहिलं नव्हतं.

"ही तिच्याकडे पोचवा," काका म्हणाले. "म्हणावं, पत्ता चुकलेला दिसतोय. बाबा दादाकडे झोपतात, दुकानात गादीचं काय काम?"

"ठेवून घ्या ना," ताई कळवळून म्हणाली. "पाठीला आराम पडेल. तिने इतक्या मनाने पाठवलीय."

"ठेवून घेतली की मी इथे राहतो असं होतं बाई. मग ते तिला रोज माहीत असणार. आत्ता नुसता संशय आहे. संशय असला तरी झोप लागते माणसाला."

ताईने आजवर प्रत्येक माणसाला पुढचा प्रश्न विचारला आहे. या वेळी तिने कॅमेऱ्याची पिशवी खांद्यावरून काढून माझ्याकडे दिली आणि गादीचं एक टोक उचललं. दुसरं काकांनी मला धरू दिलं नाही, स्वतः धरलं. गाडीच्या टपावर चढवून दोर बांधला. जाता-येता धक्का लागून प्लॅस्टिकवर तेलकट बोटांचे ठसे उमटले होते. काका आत गेले, मशीन पुसायचा मऊ फडका घेऊन आले आणि टाचा उंच करून एकेक ठसा पुसू लागले.

"वापरलेली वाटायला नको," ते म्हणाले. मग दोन्ही हातांनी दोर ओढून पाहिला आणि आम्हाला निघायला सांगितलं.